बारा माणसांचा काटकोन

तुरुंगाच्या गेटवर माझी दोरी काढून घेतली, ओळंबा काढून घेतला आणि भिंतीचा कोपरा तपासायचा लोखंडी गुण्या तर शिपायानं असा धरला की जणू तलवारच सापडली.

"बाबा, हे आत नेता येत न्हाई."

"काटकोन शिकवायचाय."

"शिकवा की. दोरीबिगर शिकवा."

दोरीनं माणूस गळफास घेतो. ओळंब्यानं डोकं फुटतं. गुण्याच्या टोकानं पोट फाडता येतं. हे त्यानं मला बोटावर मोजून सांगितलं. सगळी हयात या तीन वस्तू पिशवीत घालून गावोगाव फिरलो, भिंती बांधल्या. इतका धोकादायक माणूस आहे मी, हे मला त्या दिवशी कळलं.

मी गवंडी. चौथी शिकलेलो, आणि तीसुद्धा अर्धी, कारण बापाला विटांवर हात पाहिजे होते. माझी बायको मास्तरीण. लग्नात ती सातवी पास होती. पुढं ती शिकत गेली आणि मी भिंती चढवत गेलो. ती डी.एड.ला बीडला राहिली तेव्हा पारावरची माणसं विचारायची, "काय बे, बायको साहेबीण झाल्यावर तुला भाकर टाकून देईल का?" मी म्हणायचो, "न्हाई टाकली तर मी टाकीन. तुमच्या दारात मागायला येणार न्हाई." आणि टाकल्या पण. जाड व्हायच्या, एवढंच.

रिटायर झाल्यावर ती दर गुरुवारी तुरुंगात गणित शिकवायला जायची. लिहायला-वाचायला शिकवणारी माणसं मिळत होती. गणिताचं नाव काढलं की सगळी पळायची. म्हणून ती गेली. मी तिला गाडीवर सोडायचो आणि ती बाहेर येईपर्यंत समोरच्या लिंबाखाली बसायचो. आत कधी गेलो नाही. घरी येताना मागं बसून ती सांगत राहायची. आज एकाला भागाकार समजला, आज एक जण रडला.

"गणितानं?"

"नाही हो. गणित आलं म्हणून."

मी हूं हूं करायचो. माझं ध्यान रस्त्यातल्या खड्ड्यांवर.

गेल्या पोळ्याच्या आधी ती गेली. सकाळी छातीत दुखतंय म्हणाली, दुपारी नव्हती. याच्यावर जास्त लिहिणार नाही. जमत नाही म्हणून नाही. लिहायचं नाही म्हणून.

पुण्यानुमोदनाला लई भाषणं झाली. बाईंनी समाजाची सेवा केली, बाईंचं कार्य पुढं नेलं पाहिजे. सगळ्यांनी म्हटलं, नेलं पाहिजे. कुणी नेतो म्हणालं नाही. जेवणं झाल्यावर माझा मेहुणा, म्हणजे तिचा धाकटा भाऊ, शेजारी येऊन बसला आणि म्हणाला, "दाजी, अक्कानं त्या खुन्या-चोरांमागं उन्हातान्हात जीव दमवला. काय मिळालं?"

मी म्हणालो, "खुन्याला नऊ साते त्रेसष्ट येतात आणि तुला येतात का ते आधी सांग."

तो उठून गेला. पोरगं पुण्याहून आलेलं होतं, ते म्हणालं, "बाबा, असं बोलत जाऊ नका लोकांना. चला माझ्याबरोबर. इथं एकटं राहून काय करणार?" मी म्हणालो, बघू. बघू म्हणजे नाही, हे त्याला लहानपणापासून माहीत आहे.

मग तुरुंगातून फोन आला. बाई का येईनात, माणसं विचारतात. फोनवर सांगायचं माझ्या जिवावर आलं. गुरुवारी गाडी काढली आणि पहिल्यांदा आत गेलो. साहेबानं वर्गातली माणसं व्हरांड्यात बसवली. मी उभा राहून सांगितलं, बाई गेल्या. एकानं डोक्यावरची टोपी काढली. मग पुढं बसलेला एक काळासावळा माणूस, ऊसतोडीला जाणारा, खाली बघत म्हणाला, "बाईनं भूमिती राहिली म्हनून सांगितलं होतं. पुढच्या टायमाला घेऊ म्हनल्या होत्या."

मी म्हणालो, "मी घेतो."

कावून म्हणालो ते आजही सांगता येत नाही. तोंडातून निघून गेलं. ती गेली ते माझ्या हातात नव्हतं. वर्ग हातात होता.

तुरुंगाधिकारी साहेब वयानं माझ्या पोराएवढा. बोलायला गोड. म्हणाला, "आजोबा, तुमचं शिक्षण?"

"चौथी."

"मग मी वर काय कळवू?"

"गवंडी कळवा."

तो हसला, पण मान डोलावली. असं ठरलं, की पुढच्या गुरुवारी तो स्वतः येऊन एक तास बघणार. जमतंय असं वाटलं तर बाईंचा वर्ग चालू. नाहीतर गुरुवारची ती वेळ शिवणकामाला. शिवणकाम वाईट नाही. पण बाईचा वर्ग बंद करून नको.

आणि त्याच गुरुवारी माझी दोरी गेटवर राहिली.

वर्गात एरवी जास्त माणसं असतात, पण तुरुंगातला वर्ग कोर्टाच्या तारखांवर चालतो. ज्याची तारीख, तो गाडीत बसून जातो. त्या दिवशी बरेच जण गेलेले. माझ्यासमोर उरले मोजून बारा. मी त्या बारा जणांकडं बघत राहिलो आणि मला माझी दोरी दिसली.

गवंडी पाया आखताना काटकोन कसा काढतो, तर दोरीला सारख्या अंतरावर बारा गाठी मारतो आणि तिची टोकं जोडतो. एक बाजू तीन अंतरांची ताणायची, दुसरी चार, तिसरी तिरकी पाचाची. तीन आणि चार जिथं भेटतात तिथं काटकोन. माझ्या मिस्त्रीनं मला शिकवलं, त्याला त्याच्या मिस्त्रीनं. या दोरीवर मी किती घरं उभी केली असतील.

"उठा," मी म्हणालो. "दोरी भाईर शिपायाकडं हाय. आता तुमीच दोरी. एकमेकाचा हात धरा आन् ताणून उभे ऱ्हावा."

"बाबा, फुगडी घालायची का?"

"घाल. पण कोपर सरळ ठेवून घाल."

"आमाला बांधून ठेवलंय ते कमी पडलं, म्हनून आता आमचीच दोरी!"

हसत हसत उठले. अंगणात शहाबादी फरशी आहे, सांधे चांगले सरळ आहेत. कुणा गवंड्यानं मन लावून घातलेली. तीन अंतरांची बाजू मी एका सांध्यावर उभी केली. आता चाराची बाजू आपोआप आडव्या सांध्यावर पडायला पाहिजे. पडली तर काटकोन, नाहीतर नाही. बघणाऱ्याला वेगळं काही सांगायला नको.

तिरक्या बाजूत ऊसतोडीवाल्याच्या शेजारी एक मिशीवाला आला. पन्नाशीचा, गावात वजन असलेल्या घरातला, बांधाच्या भांडणातून आत आलेला. ऊसतोडीवाला आमच्यातला, बौद्ध. तो कशात आत आला ते मी विचारलं नाही. बाईनं पण कधी कुणाला विचारलं नव्हतं. त्यानं हात पुढं केला. मिशीवाल्यानं त्या हाताकडं बघितलं, खांद्यावरचा टावेल काढला, एक टोक स्वतः धरलं आणि दुसरं त्याच्या हातात दिलं.

"माझ्या हाताला घाम येतो," म्हणाला.

कुणाला घाम येतो आणि कशानं येतो, ते बाराच्या बारा जणांना कळलं. ऊसतोडीवाल्यानं पुढं केलेला हात मागं घेतला नाही. टावेलाचं टोक धरून उभा राहिला.

तेवढ्यात साहेब आला. व्हरांड्यात खुर्ची टाकून बसला, पायावर पाय टाकून.

मी म्हणालो, ताणा. त्यांनी ताणलं. आणि चाराची बाजू सांधा सोडून बाहेर गेली. थोडीथोडकी नाही, तीन बोटं नाही, चांगली हातभर. कोन फाकला होता. आंधळ्यालाही दिसावा असा.

साहेब म्हणाला, "आजोबा, हा काटकोन आहे?"

"न्हाई."

"मग?"

"तिरक्या बाजूत टावेल हाय, साहेब. तेवढ्यानं ती लांब झाली. लांब झाली म्हनून कोन उघडला." मग मिशीवाल्याकडं वळून म्हणालो, "टावेल काढ आन् हात धर."

"टावेल आखूड करतो," तो म्हणाला आणि मुठीभोवती गुंडाळायला लागला. एक वेढा, दोन वेढे. हाताएवढं अंतर करून आणत होता, मधी कापड ठेवून. हुशार माणूस. माप बरोबर आलं असतं, खोटं कशाला बोलू.

पण आता ऊसतोडीवाल्यानं टोक सोडून दिलं. टावेल खाली फरशीवर पडला.

"हात धरायचा तर धर," तो म्हणाला. "चिंधी मी धरत न्हाई."

साहेबानं पाय खाली घेतला. म्हणाला, "आजोबा, वाद नको. आहे तसं पुढं न्या. मला कल्पना आली."

कल्पना आली म्हणजे काय ते मला कळत होतं. मी तेव्हा चालेल म्हणालो असतो, टावेल उचलून ऊसतोडीवाल्याच्या हातात परत दिला असता, तर काटकोन झाला असता, साहेब खूश झाला असता आणि बाईचा वर्ग वाचला असता. सगळं एका टावेलावर आलं होतं.

मी आयुष्यभर लोकांची घरं बांधली. भिंत माझ्या हाताची चालायची. चौकट माझ्या हातानं बसायची, चूल माझ्या हातानं लिंपून व्हायची. आणि वास्तूच्या दिवशी आम्हाला पंगत अंगणात, लांब, वेगळ्या पत्रावळीवर. एकदा ती म्हणाली होती, "मी येणार नाही अशा जेवणाला. तुम्हीही जाऊ नका. मजुरी घ्या आणि घरी या, मी पुरणपोळ्या करते." तेव्हापासून मी गेलो नाही. काही कामं सुटली. सुटू दे म्हणालो.

"साहेब," मी म्हणालो, "वाद न्हाई हा. आपल्यात बारा माणसं पाहिजेत आन् मधी काही नको. टावेल असला की अकरा हात आन् एक टावेल. त्याचा काटकोन मला शिकवता येत न्हाई. तुमाला पटत नसंल तर आत्ताच शिवणकाम चालू करा, मी चाललो."

 

मिशीवाल्यानं टावेल उचलला, झटकला, खांद्यावर टाकला आणि भिंतीला जाऊन बसला. "मी न्हाई येत तुमच्या खेळात," म्हणाला.

अकरा उरले. अकरात होत नाही. मी चप्पल काढली आणि त्याच्या जागेवर जाऊन उभा राहिलो. एका बाजूला एक पोरसवदा ड्रायव्हर, दुसऱ्या बाजूला ऊसतोडीवाला. त्याचा हात धरला. कोयत्याचे घट्टे होते, माझ्या थापीच्या घट्ट्यांसारखेच. ती गेल्यापासून माझा हात कुणी धरला नव्हता.

"ताणा," मी म्हणालो.

चाराची बाजू सरकत सरकत सांध्यावर आली आणि बसली. भिंतीवर वीट बसावी तशी. कुणीतरी शिट्टी मारली. साहेब खुर्चीतून उठला, स्वतः येऊन वाकून बघितलं.

आणि भिंतीकडून आवाज आला, "खोटं हाय!"

सगळ्यांनी माना वळवल्या.

"तो तिसरा बघा, तो ठेंगणा. कोपर वाकवलंय त्यानं. हिकडून दिसतंय ना मला! वाकवून सांध्यावर आणलंय."

"तू भाईर हायस, गप बस," ड्रायव्हर म्हणाला.

"गप कावून बसंल?" मी म्हणालो. "बरोबर बोलतोय. कोपर सरळ कर बे." ठेंगण्यानं हसत कोपर सरळ केलं. बाजू थोडी हलली. दुसऱ्या टोकाचे दोघं जास्त जोर लावत होते, त्यांना सैल करायला सांगितलं, तेव्हा ती परत आली आणि आता खरी आली. मिशीवाला अर्धा उठून बघत होता.

"पन तीन-चार-पाचच कावून?" तो म्हणाला. बांधाच्या भांडणातला माणूस, त्याला मापात रस असणारच. "तीन-चार-सहा घेतलं तर? ह्योच आकडा कुनी ठरवला?"

"हां आजोबा," साहेब म्हणाला, "का?"

साहेबाला येत असणार, तो शिकलेला आहे. मला विचारत होता. आणि बारा जण माझ्याकडं बघत होते, भिंतीजवळचा धरून.

"ठाऊक न्हाई," मी म्हणालो. "बाईला ठाऊक होतं."

साहेब व्हरांड्याकडं वळला. मग म्हणाला, "पुढच्या गुरुवारी ते 'का' घेऊन या. मग ठरवू."

घरी आलो. घरातली फरशी माझ्याच हातची आहे. बसवताना मी दोरी ताणत होतो आणि बायको कागदाचे चार तुकडे घेऊन खाली बसली होती. तुम्ही हे जे करता ना, ते का होतं बघा, म्हणाली होती. तुकडे इकडून तिकडं सरकवले. मी बघितलं असणार. पण डोक्यात राहिलं ते तिचं एकच वाक्य: "जागा कुठं जात नसते हो." कसली जागा, कुठं जात नाही, ते गेलं सगळं.

चपलांच्या खोक्याचा पुठ्ठा कापला. चार त्रिकोण केले, तीन-चार-पाचाचे. फरशीवर मांडले, हलवले, परत मांडले. चूल पेटली नाही त्या दिवशी. त्रिकोण नुसते त्रिकोणच राहिले. मी तिला मोठ्यानं म्हणालो, "एवढं सांगून गेली असतीस तर काय बिघडत होतं?" आणि मग आठवलं की सांगितलं होतंच.

दुसऱ्या दिवशी एसटीनं तेलगावला गेलो. तिथं तिच्यासोबत नोकरी केलेल्या एक बाई राहतात, गुडघे धरलेत, बाजेवरच असतात. मी पुठ्ठे पुढं ठेवले. त्या म्हणाल्या, "भाऊजी, हे मला तुमच्याच मास्तरणीनं दाखवलं होतं. माझी पोरं पाठ करायची, समजायचं नाही कुणाला. मग ती माझ्या वर्गात येऊन दाखवून गेली."

त्यांनी सुनेकडून पाट मागवला आणि पाटावर खडूनं एक मोठा चौकोन काढला, सात बाय सातचा. माझे चारही त्रिकोण चार कोपऱ्यांत बसवले. मधी तिरपा चौकोन उरला. तिरक्या बाजूवरचा, म्हणजे पाच पाची पंचवीस. मग तेच त्रिकोण सरकवले, दोन-दोन जोडून बाजूला सारले. आता उरले दोन सरळ चौकोन. एक तीनाचा, एक चाराचा. नऊ आणि सोळा.

"चौकट तीच," त्या म्हणाल्या. "तुकडे तेच. मग उरलेली जागा कमीजास्त होईल कशी? जागा कुठं जात नसते, भाऊजी."

मी पाणी मागितलं. तांब्या घेऊन जरा ओट्यावर जाऊन बसलो. अंगण तेच, फरश्या त्याच चार, कशाही घाला, मोकळी राहते ती तेवढीच राहते. हे तर मला रोज दिसत होतं. एकदा सांगून मला कळलं नाही, म्हणून तिनं ते दुसऱ्या माणसाजवळ ठेवून दिलं होतं.

गुरुवारी परत दोरी, ओळंबा, गुण्या गेटवर दिले. पुठ्ठे शिपायानं वाकवून बघितले, हुंगून बघितले आणि सोडले. आत माणसं जास्त होती. फरशीवर चौकट आखली, पुठ्ठे टाकले आणि काही न सांगता म्हणालो, "सरकवा."

भांडण सुरू झालं. ऊसतोडीवाला एका बाजूनं, मिशीवाला दुसऱ्या बाजूनं, बाकीचे डोक्यावरून.

"आरं तो हिकडं घे."

"घेतो की, तुला दिसतंय का माझ्यापेक्षा?"

"पंचवीस उरले मधी. मोज."

"आता दोन जोड... हां. नऊ. आन् हे सोळा."

"म्हंजी तेवढंच!"

"तेवढंच हाय!"

मिशीवाला उकिडवा बसला होता. मला म्हणाला, "म्हनून तर. तीन आन् चार असले आन् तिरकी पाच आली, की कोन दुसरा होऊच शकत न्हाई."

"उघडला की तिरकी लांब व्हनार," ऊसतोडीवाला म्हणाला. त्याच्याकडं न बघता. "मिटला की आखूड. टावेलानं दाखवलंच की तू."

सगळे हसले. मिशीवाला हसला नाही, पण उठून पण गेला नाही.

आणि हात? नाही धरला त्यानं. पुढं किती तरी गुरुवार झाले, अंगणात आम्ही चौकोन केले, आयत केले, माणसांचं वर्तुळ केलं, मिशीवाला भिंतीजवळून ओरडतो, "पाचवा ढिला हाय!" आणि बरोबर ओरडतो. मी त्याला सांगून ठेवलंय, हात धरत न्हाईस तोवर तुझी जागा भिंतीजवळ. जागा धरून ठेवलीय, कुठं जात नाही. कधी यायचं ते तू ठरव. तो म्हणतो, "बघू." माझ्यासारखंच म्हणतो. मला त्याचा अर्थ माहीत आहे, तरी मी त्याला विचारत राहणार.

पुठ्ठे सरकवले त्या दिवशी साहेब व्हरांड्यात उभाच होता. जाताना म्हणाला, "शिवणकाम शुक्रवारी ठेवतो."

पोराचा फोन आला होता, बाबा, कधी येताय. मी म्हणालो, "गुरुवार सोडून कधी पण येतो. दोन दिवसांसाठी."

बाहेर निघालो तेव्हा शिपायानं माझी पिशवी दिली. दोरी, ओळंबा, गुण्या. "बाबा," म्हणाला, "आता कळलं ना आत चालत न्हाई? पुढच्या गुरुवारी हे घरी ठेवून येत जा. मला उगाच वही काढून लिहावं लागतं."

"आननार," मी म्हणालो. "माझं काम आनायचं. तुझं काम काढून घ्यायचं. दोघं आपापलं करू."

गाडीला किक मारली. मागच्या सीटवर पिशवी बांधली आणि खड्डे बघत घरी आलो.